इक्वेबलचं उघडं पान

नल्लकुंटा, हैदराबाद
रविवार, ६ फेब्रुवारी १९९४

ताई,

पाकिटावरचं अक्षर तुम्ही ओळखलंच असेल, तेव्हा नाव लपवण्यात अर्थ नाही. मी शिवराज. पाच वर्षांपूर्वी तुमच्या इंग्रजीच्या वर्गातून वही उचलून निघून गेलेला. पत्र फाडायचं असेल तर फाडा, पण दुसरा परिच्छेद वाचून फाडा, कामाची गोष्ट तिथे आहे.

परवा भाजी मंडईत निर्मला तुम्हाला भेटली. घरी येऊन पिशवी खाली ठेवायच्या आधी म्हणाली, "कुसुमताई तीस एप्रिलला क्लास बंद करतायत." सत्तावीस वर्षांनी. मला ऐकून वाईट वाटलं आणि लगेच स्वतःपुरती काळजी लागली. तीस तारखेला तुमची मोठी वही बंद होणार, म्हणजे तिच्यातलं माझं पानही. माझ्या नावावर एकशे चौदा शब्द आहेत. एकशे तेरांपुढे तुमची लाल टिक आहे. एक उघडा राहिलाय. इक्वेबल. तो मला वही बंद व्हायच्या आत कमवायचाय. एवढंच मागणं आहे.

नियम मी विसरलेलो नाही. शब्दकोशातला अर्थ घोकला म्हणजे शब्द आपला होत नाही. तो ज्याला लागू पडेल असं माणूस किंवा अशी वस्तू आपल्या डोळ्यांनी बघायची, त्यावर इंग्रजीत एक वाक्य लिहून आणायचं, तोंडी चालणार नाही. वाक्य पटलं तर टिक, तारीख आणि एक उस्मानिया बिस्किट. नाही पटलं तर फुली. बरकतपुऱ्यातल्या तुमच्या पुढच्या खोलीत आम्ही दहा-बारा नोकरी करणारे, मिशा आलेले लोक त्या एका बिस्किटासाठी जीव टाकायचो. घरी आख्खा पुडा असायचा, पण त्या बिस्किटाची सर त्याला नव्हती.

(थांबा. बापू हाक मारतायत. बापू म्हणजे माझे वडील, हिम्मतराव. तुम्ही त्यांना पाहिलेलं नाही. भालकीजवळच्या आमच्या गावी असायचे, दोन वर्षांपासून इथे आहेत. विसरायला लागलेत. "बैलं बांधली का रं शिवा?" म्हणून विचारतात. बांधली म्हणून सांगून आलो.)

हा शब्द तुम्ही मला ८७ च्या जानेवारीत दिलात. म्हणालात, आधी हवेवर लिही, ते सोपं. ज्या गावी उन्हाळ्यात भाजत नाही आणि थंडीत गारठत नाही, त्या गावची हवा इक्वेबल. मी लगेच लिहून टाकलं की हैदराबादची हवा इक्वेबल आहे. तुम्ही वाचून वही परत दिलीत. म्हणालात, "हेच वाक्य मे महिन्यात घेऊन ये." मे महिन्यात पत्र्याच्या खोलीत अंगाची लाही झाली तेव्हा समजलं. मग म्हणालात, आता माणूस शोध. तेव्हापासून शोधतोय.

या वेळी सापडलाय असं वाटतं. मी काचीगुड्याला पंपांच्या एका कंपनीच्या ऑफिसात आहे. परदेशी गिऱ्हाइकांची पत्रं मी लिहितो. मालक अप्पाराव. पूर्वी परवान्यासाठी दिल्लीला वर्ष-वर्ष खेटे घालायचे, तेव्हाही आवाज चढला नाही. आता दार उघडलंय, दुबईचे न् नैरोबीचे लोक घासाघीस करतात, तरी चढत नाही. वाक्य वेगळ्या कागदावर जोडलंय. मराठीत सांगायचं तर असं, की आमच्या मालकांचा स्वभाव नफ्यात आणि तोट्यात सारखाच इक्वेबल असतो.

तुमचं घर इथून चालत वीस मिनिटांवर आहे. दोनदा फाटकापर्यंत येऊन परत गेलो. म्हणून पोस्टाने पाठवतोय. लोक हसतील, हसू देत.

(पुन्हा बापू. बैलं बांधली, बापू, कडबाही टाकला. झालं.)

तुमचा
शिवराज


नल्लकुंटा
रविवार, २७ फेब्रुवारी १९९४

ताई,

कार्ड मिळालं. त्यावर तुम्ही फक्त एक लाल फुली काढलीत आणि खाली दोन शब्द, "बारा महिने?" नमस्कार नाही, आशीर्वाद नाही, सहीसुद्धा नाही. पण ताई, पाच वर्षांनी तुमच्या हातची फुली मिळाली, मी ते कार्ड खिशात घालून ऑफिसला गेलो. निर्मला म्हणाली, नापास होऊन एवढं खूश झालेलं माणूस मी पहिल्यांदा बघते.

फुली बरोबर होती. काल फॅक्स मशिनमध्ये कागद अडकला. अप्पारावांनी आधी मशिनला थोपटलं, मग चापट मारली, मग रिसीव्हर उचलून भिंतीवर आपटला. "ये मशीन मेरेकू पागल कर रा शिवराज," असं ओरडले की खालचा चहावाला वर बघायला आला. परवान्याच्या दिवसांत गप्प असायचे, कारण ओरडून उपयोग नव्हता. तुम्ही सांगितलेलं तेव्हा माझ्या डोक्यात शिरलं नव्हतं. इंग्रजीतला 'काम' (calm) म्हणजे शांत, तो एका तासापुरताही असू शकतो. पेशंट म्हणजे सोसणारा, त्याला सोसायला काहीतरी लागतं. इक्वेबल मात्र सगळ्या ऋतूंतून बघावं लागतं.

(बापू. बैलं बांधली का. बांधली, पाणीही दाखवलं. आता त्यांना म्हशीचंही विचारायचं होतं पण नाव आठवेना. चंद्री, म्हणालो. हसले.)

तर दुसरं वाक्य निर्मलावर लिहिलं. लग्नाला बारा वर्षं झाली, माझ्यासारख्या तिरसट माणसाबरोबर. तुम्हाला माझा राग माहीत आहे, नाकावर असतो. ती कधी उलटून बोललेली नाही. वाक्य लिहून, आधी तिला वाचून दाखवलं. मला वाटलं लाजेल. ती पोळ्या लाटत होती. लाटणं थांबवून म्हणाली, "मी कशाची शांत? दोघांनी ओरडायचं तर घर डोक्यावर येईल म्हणून मी गप बसते. आतून काय चालतं ते तुम्हाला माहीत नाही. हे त्यांच्या वहीत लिहायला नक्को." आणि मग त्या बारा वर्षांतलं थोडंसं बाहेर काढलं. पोळी करपली. ते वाक्य पाठवत नाही, माझी मीच फुली मारली. पण त्या संध्याकाळी आम्ही दोघं बरंच बोललो, तेही तुमच्या शब्दामुळेच, म्हणून कळवतोय.

एक गोष्ट मात्र तुम्हाला सांगायलाच हवी. तुमचा तांदळाच्या डब्याचा नियम मी अजून पाळतो. रागाचं पत्र लिहायचं, पूर्ण लिहायचं, हात आखडायचा नाही, आणि रात्रभर तांदळाच्या डब्याखाली ठेवून सकाळी वाचायचं. जानेवारीत दुबईच्या गिऱ्हाइकाने आम्हाला चोर म्हणून फॅक्स पाठवला. मी असं उत्तर लिहिलं की वाचताना माझेच कान गरम झाले. डब्याखाली ठेवलं. सकाळी त्यातली चार वाक्यं उरली, ती पाठवली. त्या माणसाने माफी मागितली आणि पुढची ऑर्डर दिली. अप्पारावांना वाटतं मी हुशार आहे. त्यांना तुमच्याबद्दल सांगितलंय, पण डब्याचं त्यांना खरं वाटत नाही.

(आलो, बापू. बांधली. दोन्ही बांधली.)

तुमचा
शिवराज


नल्लकुंटा
रविवार, २० मार्च १९९४

ताई,

आजचं पत्र डब्याखाली तीन रात्री राहिलं. त्यातून हे उरलंय.

पहिल्या पत्रात मी "वही उचलून निघून गेलेला" असं लिहिलं आणि पुढे सरकलो. तुमच्या लक्षात आलंच असेल. जे झालं ते आज पूर्ण लिहितो, कारण वाक्य त्यातच आहे.

८९ च्या मार्चमध्ये मला एका मोठ्या कंपनीत अर्ज करायचा होता. अर्जात मी स्वतःबद्दल लिहिलं की मी इक्वेबल स्वभावाचा माणूस आहे. तुम्हाला तपासायला दिला. तुम्ही सगळ्यांसमोर तो शब्द लाल शाईने खोडलात आणि म्हणालात, "शिवराज, हा शब्द माणसाने स्वतःबद्दल लिहायचा नसतो. आणि तू तर नाहीच." वर्ग हसला. आज विचार केला तर हसण्यासारखंच होतं. पण मी उभा राहून म्हणालो, "तुम्हाला काय जातं शांत राहायला? तुमच्या घरात भांडायलासुद्धा कोणी उरलेलं नाही."

तुमच्या यजमानांना, अनंतकाकांना जाऊन तेव्हा आठच महिने झाले होते. त्यांचा चष्मा अजून रेडिओवर ठेवलेला असायचा. मला माहीत होतं, आणि माहीत असूनच बोललो.

(बापूंनी विचारलं. बांधली म्हणालो. "दावं घट्ट हाय का?" आहे, बापू, मी ओढून बघितलं.)

तुम्ही चष्मा जरा खाली घेतलात, घड्याळाकडे बघितलंत आणि म्हणालात, "सात वाजले. उद्या पान बेचाळीस." आवाज जराही हलला नाही. मी वही घेऊन बाहेर पडलो तो आजपर्यंत. पहिली दोन वर्षं मला वाटायचं तुम्ही मला बोलवाल. नंतर लाज वाटायला लागली, आणि लाजेला सवय झाली की ती उठत नाही.

मला फार उशिरा दिसलं की मी तो माणूस शोधत हिंडत होतो आणि तो रोज संध्याकाळी सहा वाजता माझ्यासमोर खुर्चीत बसायचा. काका असताना तुम्ही जशा होतात तशाच काका गेल्यावर. हुशाराशी बोलायच्या तशाच माझ्यासारख्या ठोंब्याशी. वाक्य जोडलंय. त्याचा मराठीत अर्थ असा, की मी माझ्या शिक्षिकेला सर्वांत वाईट शब्द बोललो आणि तिचा इक्वेबल आवाज मला दुसऱ्या दिवसाचं पान सांगत होता.

मी जे बोललो त्याची माफी मागतो. वाक्य पटलं नाही तरी माफी मागतोच.

(आलो बापू. हो, बांधली.)

तुमचा
शिवराज


नल्लकुंटा
रविवार, १० एप्रिल १९९४

ताई,

तीन आठवडे झाले. कार्ड नाही. रोज पोस्टमनची वाट बघतो, आता तो मला दुरूनच हात हलवून नाही म्हणतो. फुलीही नाही म्हणजे काय, ते मी समजू शकतो. ते बोलणं एका पत्राने पुसलं जाण्यासारखं नव्हतं.

तेव्हा तो शब्द उघडा राहू दे. वही बंद करताना माझ्या पानावर एक जागा रिकामी दिसेल, ती माझ्या मापाची आहे. हे पत्र काही मागण्यासाठी नाही. तीस तारखेच्या आत तुमचे आभार मानायचे आहेत, नंतर मानले तर वर्ग कुठे असेल?

८३ साली मी गावाहून आलो तेव्हा मला इंग्रजीत फक्त स्वतःचं नाव आणि 'येस सर' येत होतं. आठ ठिकाणी मुलाखतीतून उठवलं. तुम्ही पहिल्या दिवशी विचारलंत की शेतात काय काय असतं ते इंग्रजीत सांग, आणि मी गप्प राहिलो तर म्हणालात, मराठीत सांग, मला माहीत नाही. मी तासभर सांगितलं. तिफण, वखर, दावं, वेसण. तुम्ही लिहून घेत होतात. एका शिकलेल्या बाईला आपल्याकडून काही शिकायचंय हे मला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं. ती नोकरी, ते घर, निर्मलाच्या माहेरी माझी जी काही पत आहे ती, सगळं त्या तासातून निघालंय. ताई, मी तुमचा फार ऋणी आहे. हे मी तेव्हाच म्हणायला हवं होतं.

(बैलं बांधली, बापू.)

वर शाई पसरली आहे, त्याबद्दल माफ करा. बापूंनी हात धरून उठवलं. आज त्यांचं जरा जास्त आहे. तुम्ही म्हणाल हा दर पत्रात हे काय बैलांचं लावलंय. बैल कुठले, ताई? विकून सहा वर्षं झाली. बापू इथे आले तेव्हा मी त्यांना खरं सांगायचो. पहिल्यांदा नीट सांगायचो, चौथ्यांदा ओरडून. "बैल विकले बापू, सहा वेळा सांगितलं." आणि ते दर वेळी असे रडायचे की जणू बैल आत्ताच दारातून गेले. एकदा शोधायला निघाले, विद्यानगरपर्यंत अनवाणी गेले. मग माझं ओरडणं थकलं म्हणा, मी बैल बांधायला लागलो. दिवसातून तीस-चाळीस वेळा बांधतो. आता एवढी सवय झालीय की ढवळ्याचं दावं कुठल्या खुंटीला आहे तेही मला दिसतं. ही काही सांगण्यासारखी गोष्ट नाही, शाई का पसरली एवढंच सांगत होतो.

(बांधली. ढवळ्या बसलाय, पवळ्या रवंथ करतोय.)

वर्ग संपेल त्या दिवशी सहा वाजता मी इथे घरीच पान बेचाळीस उघडून बसेन.

(हो बापू, दोन्ही.)

तुमचा
शिवराज


बरकतपुरा
शनिवार, १६ एप्रिल १९९४

शिवराज,

उत्तराला उशीर झाला कारण तुझं तिसरं पत्र मीही तांदळाच्या डब्याखाली ठेवलं होतं. नियम माझाच, मला पाळायला नको?

आधी फुली. माझ्यावरचं वाक्य चुकलेलं आहे. त्या संध्याकाळी माझा आवाज हलला नाही हे खरं. पण तुम्ही सगळे गेल्यावर मी दिवा न लावता बसून राहिले, आणि दुसऱ्या दिवशी पान बेचाळीस शिकवलं नाही, वर्गाला सुट्टी दिली. तुला कोणी सांगितलं नसेल. पुढे पाच वर्षं मंडईत निर्मला दिसली की मी दुसऱ्या रांगेत शिरायचे. या वेळी तिनंच मला कोथिंबिरीपाशी गाठलं. ही शांत दिसण्याची गोष्ट झाली. बारा महिन्यांचं माप मला लावलंस तर मी नापास आहे, आणि खोट्या टिका मी देत नाही, स्वतःलाही नाही.

तू बोललास ते लागलं होतं. अजून आठवलं की लागतं. पण तुझी चार पत्रं आली, आणि चारही मी दोन-दोनदा वाचली, यावरून काय समजायचं ते समज. अनंतराव असते तर पहिल्याच कार्डावर तुला बोलावून घेतलं असतं. ते माझ्याहून बरे होते.

आता कामाचं. चारही पत्रं सोबत परत पाठवते. कंसातल्या मजकुराखाली मी लाल रेघ ओढली आहे. मोजून बघ, नऊ ठिकाणी आहे. बैल बांधले, कडबा टाकला, पाणी दाखवलं, दावं ओढून बघितलं, ढवळ्या बसला. एकाही ठिकाणी तुझा आवाज चढलेला मला ऐकू आला नाही, आणि तू नाकावर राग घेऊन फिरणारा माणूस आहेस हे माझ्याइतकं कोणाला माहीत? फेब्रुवारीत जसा होतास तसाच एप्रिलात, आणि तू सांगतोस ते खरं धरलं तर ओरडणं थकल्यापासून बाराही महिने, दिवसातून चाळीस वेळा. यात सगळे ऋतू आले.

तुझ्या पानावर वाक्य मी लिहिलं आहे. त्याचा मराठीत अर्थ असा, की म्हाताऱ्या वडिलांनी नवव्यांदा विचारलं, आणि मुलाचं उत्तर पहिल्या उत्तराइतकंच इक्वेबल होतं. सत्तावीस वर्षांत दुसऱ्याचं वाक्य मी कधी लिहिलेलं नाही. पण हे तू लिहिणार नव्हतास, आणि लिहिलं असतंस तर मी पुन्हा खोडलं असतं. टिक केली आहे. तारीख आजची घातली आहे. एकशे चौदा.

बिस्किट पोस्टाने पाठवलं तर त्याचा भुगा होईल. तीस तारखेची वाट बघू नकोस, उद्या रविवार आहे, सहा वाजता घेऊन जायला ये. फाटक उघडं ठेवते. निर्मलाला आण, आणि बापूंनाही रिक्षात घालून आण. इथे बसल्यावर त्यांनी विचारलं तर तू उठू नकोस, चहा पी. बैल बांधलेत म्हणून मी सांगेन.

तुझी
कुसुमताई